येते म्हण

१

माझी मुलगी लिफ्ट दुरुस्त करते. हो, बरोबर ऐकलंत, लिफ्ट. लोकांच्या मुली खुर्चीत बसून कॉम्प्युटर बडवतात, माझी पोरगी उंच उंच इमारतींच्या पोटात शिरून ग्रीसमध्ये हात काळे करते. फोनवर बहिणीला हे पहिल्यांदा सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "अगं बाई! मग हिचं लग्न कसं व्हायचं?" मी म्हटलं, "लिफ्टमध्ये अडकलेला एखादा बघू की. पळून तरी जाणार नाही."

मी स्वतः घरी बसून कपडे दुरुस्त करते. पँट आखूड करायची, चेन बदलायची, कुणाचं पोट सुटलं की शिवण उसवून सैल करून द्यायची. म्हणजे आम्ही मायलेकी दोघीही दुरुस्तीच्याच धंद्यात.

दुरुस्त झालं नाही ते तिचं मराठी. या देशात आलो तेव्हा ती कडेवर होती. मी दिवसभर मशीनवर, त्यामुळे भाषा शिकली ती बापाच्या खांद्यावर बसून. बाप म्हणे "दमलो", हीही "दमलो". बाप म्हणे "जातो", हीही "जातो". तिशीला आली तरी दारातून ओरडते, "आई, मी आलो, मला भूक लागला!" आणि ळ तर तिच्या जिभेवर कधी बसलाच नाही. काळजीची कालजी, जवळचं जवल. मी पुष्कळ डोकं फोडलं, मग नाद सोडला.

मागच्या हिवाळ्यात बाईसाहेबांनी जाहीर केलं, "आई, मी वेगला राहणार." मी आधी उच्चाराला हसले, मग अर्थ डोक्यात शिरला आणि बरेच दिवस अबोला धरला. लग्नाआधी मुलगी घराबाहेर राहते म्हणजे काय, लोक काय म्हणतील, सगळं म्हणून झालं. तिने शांतपणे विचारलं, "आई, इथे लोक म्हणजे कोण?" मी विचार करकरून दमले, एक नाव आठवेना.

शेवटी तह झाला. तिने गावाच्या दुसऱ्या टोकाला खोली घ्यायची आणि दर रविवारी जेवायला माझ्याकडे यायचं. माझी अट एकच होती, निघताना काय म्हणायचं त्याची.

"आई, मी जातो."

"ठमे! काय शिकवलंय?"

"पण मी तर जातोय. येत नाहीये. खोटं का बोलू?"

"येते म्हण."

"कुठे येते?"

"इथे! अजून कुठे?"

"बरं बाई, येते, येते!" असं म्हणून मला कडकडून मिठी मारायची आणि बूट आपटत निघायची.

तिला हा माझा हट्ट वाटतो. वाटू दे. तिचे बाबा एका सकाळी घाईघाईत "जातो गं" म्हणून कामावर निघाले आणि बसच्या सीटवरच संपले. तेव्हापासून आमच्या घरात तो शब्द बंद आहे.

२

त्या रविवारीही ती "येते" म्हणून गेली. भांडी आवरली आणि मी मशीनवर बसले. एका बाईचा लांब कोट होता, अस्तर पार फाटलेलं. माझं मशीन उजेडासाठी खिडकीशी ठेवलंय, त्यामुळे काम करताना सगळ्या घराकडे माझी पाठ असते.

कुलूप फिरलं. पॅसेजमध्ये चपला काढल्याचा आवाज झाला.

"आले गं आई."

"काय विसरलीस?" मी मान वर न करता विचारलं.

"काही नाही. तूच म्हणालीस ना, ये म्हणून."

मला हसू आलं. पोरगी चेष्टेच्या मूडमध्ये आहे तर. तिच्या जुन्या खोलीतला पलंग करकरला.

"किल्ली जागेवर ठेव गं."

"ठेवली. पिशवीच्या तळाशी गेली होती, आत्ता मिळाली."

"वेंधळी," मी म्हटलं आणि अस्तराची एक बाजू पूर्ण टिपून टाकली. दुसरी बाजू सुईखाली धरली आणि माझा पाय पायडलवरून आपोआप उचलला गेला.

तळाशी. मिळाली. चांगले गोल, घसघशीत ळ. माझ्या आईने म्हटले असते तसे. आणि आले, ठेवली, गेली होती, सगळं जिथल्या तिथे, एक चूक नाही. शिवाय चपला कुठल्या? माझी पोरगी लेसचे बूट घालते.

तेवढ्यात फोन वाजला. "आई, बस मिलाली. खिडकीवाला सीट पण मिलाला."

"तू बसमध्ये आहेस?"

"मग कुठे असणार?"

मी उठून तिच्या खोलीत डोकावले. कुणी नव्हतं. चादरीवर सुरकुती नव्हती. फक्त केसांना लावायच्या तेलाचा वास येत होता, आणि आमच्या लिफ्टवालीने केस कधीच कानावर कापून टाकलेत, दोरखंडात अडकतात म्हणून. जेवण जड झालं, डुलकी लागली, स्वप्न पडलं, असं मी स्वतःला समजावलं आणि कोट संपवला.

३

पुढच्या रविवारी डुलकी लागू नये म्हणून मी दोनदा चहा घेतला. ती गेली. कुलूप फिरलं. "आले गं आई."

मग वरच्या मजल्यावरचे लोक आठवले, गरम पाण्याचे पाइप आठवले, कानात मळ साठला असेल हेही आठवलं. डॉक्टरांनी कान तपासले आणि म्हणाले, तुमचे कान तर तरुण मुलीसारखे आहेत. एरवी मी हे कौतुक सगळ्यांना ऐकवलं असतं.

आणि आता खरं सांगते, मला बरं वाटायला लागलं होतं. ही कधी निघून जात नसे, तिचा आवाज थांबायचा तेवढंच. सोमवारीही असायची, मंगळवारीही. मी शिवत बसायचे आणि ती पाठीमागे कुठेतरी बसून विचारायची, "आई, तुझ्या लहानपणीचं सांग ना." लिफ्टवालीला मी असलं काही सांगायला घेतलं की ती फोन बघते. ही हुंकार द्यायची. मी म्हणेन त्याला "हो गं", मी रागावले तर "चुकलं गं". अशी मुलगी जगात कुणाला असते? मान मात्र मी वळवत नसे. हे कधी ठरवलं ते आठवत नाही, पण वळवायची नाही हे पक्कं होतं.

भिंतीपलीकडे एक इथलीच निवृत्त शिक्षिका एकटी राहते. एकदा जिन्याशी भेटली तर म्हणाली, "तुमच्याकडून दिवसभर गप्पांचा आवाज येतो हो. मुलगी परत राहायला आली वाटतं?"

म्हणजे आवाज मला एकटीलाच येत नव्हता.

"हो," मी म्हटलं.

"नशीबवान आहात. माझी मुलं तर फोनही करत नाहीत."

घरी येऊन दार लावलं. आतून आवाज आला, "काय म्हणत होत्या बाई?" आणि मी सांगत बसले.

४

"आई, एक गंमत सांगतो," लिफ्टवाली जेवता जेवता म्हणाली. ती थोडी उतरलेली दिसत होती, पण हसत होती. "लिफ्टला मी दिसतच नाही."

"म्हणजे?"

तिने समजावलं. लिफ्टच्या दारात एक डोळा असतो, मध्ये माणूस आला की दार थांबतं. तिच्यासाठी थांबत नव्हतं. तिने डोळा बदलला. दुसऱ्या इमारतीत तेच. साहेब म्हणाले, तुझं लक्ष नाही कामात. मग साहेब स्वतः दारात उभे राहिले तर दार लगेच थांबलं, ती उभी राहिली तर बंद. "साहेब म्हणाला, तू भूत आहेस का? सगले हसले."

"तू पण हसलीस?"

"मी पण हसलो. मग दार खांद्यावर बसला." तिने शर्टाची कॉलर बाजूला केली. खांदा काळानिळा पडला होता.

मी हळद शोधायला उठले, ते तोंड लपवायला. ही मुलगी दिवसभर दारांच्या मध्ये, लोखंडाच्या मध्ये उभी राहून काम करते. तिला दार दिसलं नाही असं नाही, दाराला ती दिसली नाही. या वेळी खांद्यावर निभावलं होतं.

जाताना ती आपणहूनच "येते" म्हणाली. आता तिला सवय झाली होती. आमच्या मजल्यावरच्या पॅसेजला खिडकी नाही, भर दुपारीही काळोख असतो, माणूस आला की दिवे आपोआप लागतात. ती बूट आपटत गेली आणि एकही दिवा लागला नाही. "आई, तुमचे दिवे पण खराब!" ती अंधारातून ओरडली आणि मोबाइलच्या उजेडात लिफ्टपर्यंत गेली. मी तिच्यामागे दाराबाहेर एक पाऊल टाकलं आणि माझ्या डोक्यावरचा दिवा लख्ख लागला.

मी फार शिकलेली नाही, पण कापड कुठून कमी झालं ते मला कळतं. एकीकडे वाढवायचं तर दुसरीकडून काढावं लागतं.

५

त्या दुपारी मी मशीन सुरू केलंच नाही. हात मांडीवर ठेवून खिडकीकडे तोंड करून बसले.

"आले गं आई."

"तू कोण आहेस?"

"असं काय विचारतेस? तुझीच."

"माझी मुलगी बसमध्ये आहे."

"ती गेली ती," आवाज अगदी प्रेमाने म्हणाला. "आली ती मी."

माझी जीभ काही गप्प बसेना. "तिच्या खांद्याला लागलंय. दारं तिच्यासाठी थांबत नाहीत."

"काळजी करू नकोस गं. ती जाऊ दे की. मी आहे ना जवळ."

काळजी. जवळ. इतकं स्वच्छ मराठी मी कित्येक वर्षांत ऐकलं नव्हतं, आणि त्याच क्षणी मला त्याची शिसारी आली. हिच्या बोलण्यात काही चुकतच नव्हतं. हिने कधी "दमलो" म्हटलं नव्हतं. हिच्या तोंडात कुठेही तिचे बाबा नव्हते. खांद्यावर बसून गावभर फिरलेली, बापाची टोपी डोळ्यांवर ओढून "मी आलो" म्हणून ओरडणारी माझी वेडी पोर हिच्यात नव्हतीच. हिच्यात होतं ते सगळं माझं, मला हवं होतं तसं.

"तू निघ इथून," मी म्हटलं.

"कशी निघू? या घरात जाते म्हणत नाहीत ना. तूच शिकवलंस."

पलंग करकरला. पुढे आठवडाभर मी एक शब्द बोलले नाही. तीही बोलली नाही, पण खोलीतून केस विंचरल्याचा आवाज यायचा, सावकाश, वरपासून खालपर्यंत. फार लांब केस असावेत.

६

रविवारी लिफ्टवालीचं जेवणात लक्ष नव्हतं. तिच्या जुन्या खोलीचं दार मी लावून घेतलं होतं.

"आई, रागावणार नाहीस ना?"

"ते ऐकल्यावर ठरवीन."

"लांबच्या शहरात मोठं हॉस्पिटल बांधतायत. सगल्या लिफ्ट आमच्या कंपनीच्या. मला मुख्य म्हणून पाठवतात. विमानाने जावं लागतं." तिने ताटाकडे बघत एका दमात सांगितलं. "नाही म्हणू का? तू एकटा आहेस. मी नाही म्हणतो."

तिने मला "एकटा" म्हटलं आणि मला रडू की हसू ते कळेना.

आत पलंग करकरला. तिने मान वर केली. "आत कोण आहे?"

"पाइप," मी म्हटलं. "हो म्हण त्यांना. आज, आत्ता कळव."

"खरंच? दर रविवारी यायला जमणार नाही, आई."

"नको येऊस. सुट्टी मिळाली की ये, मन होईल तेव्हा ये. माझ्यासाठी म्हणून येऊ नकोस."

ती उठून माझ्या गळ्यात पडली. तिचं वजनच जाणवत नव्हतं हो. शिवायला आणलेला कोट खांद्यावर टाकावा तसं.

दाराशी ती खाली बसून बुटांच्या लेस बांधायला लागली. मी हिंमत केली.

"ऐक. आज येते म्हणायचं नाही. जाते म्हण."

तिचे हात थांबले. मान खालीच. "का?"

"मी सांगते म्हणून."

"बाबा म्हणाले होते ते. तू म्हणालीस, तसं म्हणणारा परत येत नाही." तिने लेस करकचून ओढली. "आई, तू मला घालवतेस?"

काय सांगणार होते मी तिला? सांगितलं असतं तर ती मला सोडून हललीच नसती. डॉक्टर, औषधं, रात्रंदिवस माझ्या उशाशी. आणि दारं तिच्यावर बसत राहिली असती.

"हो, घालवते," मी म्हटलं. उभ्या जन्मात इतकं कठीण वाक्य बोलले नव्हते. "मोठी झालीस. म्हण."

तेवढ्यात माझ्या पाठीमागे तिच्या खोलीचं दार उघडलं. अनवाणी पावलं फरशीवर वाजली. आणि पहिल्यांदाच मी मान वळवली.

चौकटीच्या कडेला एक वेणी दिसली, तेल लावून चापून घातलेली, कमरेच्या खूप खाली गेलेली. आणि एक फ्रॉक. निळ्या टिपक्यांचा, लिफ्टवाली शाळेत पहिल्यांदा गेली तेव्हा मी शिवलेला. तो कधीच आखूड झाला आणि मी तो देऊन टाकला. हा मात्र वाढवलेला होता. खाली एक पट्टी जोडलेली, तिच्याखाली दुसरी, तिच्याखाली आणखी कितीतरी, वर्षावर्षाच्या कापडांच्या, पार घोट्यापर्यंत. टाके माझे होते. माझा टाका मी कुठेही ओळखेन, पण हे मी कधी घातलेच नव्हते. चेहरा चौकटीआड होता. एक हात तेवढा पुढे आला, लिफ्टवालीच्या वाकलेल्या डोक्याच्या दिशेने.

मी मध्ये उभी राहिले. "म्हण गं बाई! माझी शपथ आहे!"

लिफ्टवालीने डोळे पुसले, उठली आणि लहान मुलीसारखी मोठ्याने म्हणाली, "जातो!"

मी चूक सुधारली नाही. या घरातून ज्याने तो शब्द पहिल्यांदा नेला होता त्याचाच तो शब्द होता, आणि तो तिला सांभाळून नेईल असं मला वाटलं.

ती पाय आपटत बाहेर पडली. पहिला दिवा टपकन लागला. मग दुसरा. ती चपापून थांबली, वर बघितलं, आणि रडता रडता हसायला लागली. "आई, बघ! दिवा सुधारला!" लिफ्टशी गेली. दार उघडलं. तिने मुद्दाम एक बूट मध्ये धरला, दार मिटत आलं आणि चटकन मागे सरकलं. तिने पुन्हा तेच केलं, पुन्हा दार सरकलं. खुळी पोर टाळ्या पिटायला लागली. मग तिने हात हलवला आणि लिफ्ट तिला घेऊन खाली गेली.

मी दाराबाहेर उभी होते. डोक्यावर उजेड, डोळ्यांत पाणी, आणि छाती इतकी हलकी मला तिच्या जन्मानंतर कधी वाटली नव्हती. पोरगी सुटली. मला एवढा आनंद झाला होता की पाठीमागचं मी विसरूनच गेले.

"आई," आतून कुणीतरी घरच्यासारखी हाक मारली, "येतेस ना आत?"

हाक आली की उत्तर जायचं, ही जन्माची सवय.

"येते गं," मी म्हटलं.

डोक्यावरचा दिवा विझला.

मी हात हलवून बघितला. दोन पावलं पुढे गेले, दोन्ही हात गरागरा फिरवले, शेजारीण बाहेर आली असती तर म्हणाली असती, म्हातारी नाचतेय. दिवा लागला नाही. या वेळी "येते" मी म्हणाले होते. पलीकडे लिफ्टशी, पोरीसाठी लागलेले दिवे अजून जळत होते. दिव्यांना ती दिसली म्हणजे पुरे, मी म्हटलं. खालून तिच्या बुटांचा आवाज आला, धपाधप, रस्त्याकडे जाणारा. तो ऐकू येईनासा होईपर्यंत मी अंधारात उभी राहिले.